दरोडा फसतो कुठे? : ‘द किलिंग’ (१९५६) या चित्रपटातील योजना, निवेदन आणि वाटणी

‘फसलेला दरोडा’ हे गुन्हेपटाच्या एका उपप्रकाराचे नाव म्हणून चित्रपटसमीक्षेत रूढ झालेले आहे. एक अनुभवी गुन्हेगार, त्याने जमवलेली चारसहा माणसे, मिनिटामिनिटाचा हिशेब असलेला बेत, आणि अखेरीस त्या बेताचा विध्वंस, हा या उपप्रकाराचा सांगाडा. वाङ्मयप्रकाराची संकल्पना मांडताना आपण संकेतांच्या पुनरावृत्तीवर भर देतो. त्यामुळे हा शेवट एकदा संकेत म्हणून स्वीकारला गेला, की तो का घडतो आणि नेमका कोठे घडतो, याची चिकित्सा करण्याची गरज उरत नाही. नियतीचा खेळ, दैवाची क्रूर थट्टा, गुन्ह्याचे अटळ फळ अशी काही ठरीव उत्तरे तयार असतातच. स्टॅन्ली क्यूब्रिक (१९२८–१९९९) या दिग्दर्शकाच्या ‘द किलिंग’ या अल्पखर्ची चित्रपटाविषयी जे लिहिले गेले आहे, त्यातील बराच भाग याच उत्तरांवर विसावलेला दिसतो. प्रस्तुत लेखात एक साधी, पण माझ्या मते महत्त्वाची गोष्ट पुढे ठेवावयाची आहे. या चित्रपटात दरोडा फसतच नाही. तो ठरल्याप्रमाणे, जवळजवळ निर्दोषपणे पार पडतो. फसते ती वाटणी. आणि हा भेद लक्षात घेतला, तर चित्रपटाची बहुचर्चित कालरचना आणि त्याच्या निर्मितीचा इतिहास या दोहोंकडे पाहण्याची दृष्टी बदलते.

प्रथम इतिहास. लायनेल व्हाइट या लेखकाची ‘क्लीन ब्रेक’ ही कादंबरी १९५५ साली प्रसिद्ध झाली. निर्माता जेम्स बी. हॅरिस आणि क्यूब्रिक हे दोघेही तेव्हा सत्ताविशीत होते आणि त्यांनी नुकतीच भागीदारीत संस्था काढली होती. कादंबरीचे हक्क त्यांनी दहा हजार डॉलरना घेतले. दरोड्याची कथा तेव्हा काही अपूर्व नव्हती. हॅरिसने पुढे सांगितल्याप्रमाणे त्यांना आकर्षण वाटले ते व्हाइटने काळाची जी मोडतोड केली होती तिचे. म्हणजे ज्या कालरचनेसाठी क्यूब्रिकचे नाव आदराने घेतले जाते, ती मुळात एका बाजारी म्हणून हिणवल्या गेलेल्या कादंबरीतून आलेली आहे. हे नोंदवणे आवश्यक आहे, कारण रूपविषयक प्रयोग नेहमी ‘वरून’, अभिजात कलाकृतींकडून लोकप्रिय कृतींकडे झिरपतात, हा समज आपल्याकडेही पक्का आहे. बाबूराव अर्णाळकरांनी हजाराहून अधिक रहस्यकथा लिहिल्या. त्यांतील निवेदनतंत्राचा पद्धतशीर विचार मराठी समीक्षेने किती केला, हे सांगावयास नको.

‘युनायटेड आर्टिस्ट्स’ या वितरणसंस्थेने दोन लाख डॉलर देण्याची तयारी दाखवली, तीही नावाजलेला नट घ्यावयाच्या अटीवर. तो नट म्हणजे स्टर्लिंग हेडन. जॉन ह्यूस्टनच्या ‘दि अॅस्फाल्ट जंगल’ (१९५०) या दरोडापटात त्याने काम केलेले असल्याने प्रेक्षकांच्या स्मरणात तो याच प्रकाराशी जोडलेला होता. उरलेली रक्कम हॅरिसने स्वतःच्या आणि वडिलांच्या पैशांतून उभी केली. एकूण खर्च सुमारे तीन लाख वीस हजार डॉलर. हॉलीवुडच्या तत्कालीन मानाने अगदीच तुटपुंजा. क्यूब्रिकने स्वतः मोबदला घेतला नाही, तो नफ्यातील हिश्शाच्या आशेवर राहिला. या तपशिलाकडे पुढे परत यावयाचे आहे.

हॉलीवुडवर तेव्हा निर्मितीसंहितेचे नियंत्रण होते. १९३० मध्ये स्वीकारली गेलेली आणि १९३४ पासून कडकपणे राबवली गेलेली ही संहिता १९६८ पर्यंत टिकून होती. गुन्ह्याविषयी सहानुभूती निर्माण होता कामा नये, आणि चोरी-दरोड्याची पद्धत तपशीलवार दाखवता कामा नये, अशी तिची दोन बंधने येथे विशेष प्रस्तुत आहेत. पहिल्या बंधनाचा अर्थ उघड आहे. दरोडेखोर पैसा घेऊन सुखाने नांदू लागले, असा शेवट अशक्य होता. शेवट कथेच्या आंतरिक तर्काने ठरण्याआधीच नियमाने ठरलेला होता. दुसऱ्या बंधनाचे महत्त्व तुलनेने पाहावे. ज्यूल्स दासँ हा अमेरिकन दिग्दर्शक राजकीय काळ्या यादीत गेल्यामुळे फ्रान्समध्ये जाऊन काम करीत होता. त्याने १९५५ साली ‘रिफिफी’ केला आणि त्यात सुमारे अर्धा तास, संवाद व संगीत यांवाचून, दरोड्याची संपूर्ण प्रक्रिया दाखवली. ‘द किलिंग’मध्ये असे सलग दर्शन नाही. बेत आपल्याला कोणी समग्रपणे सांगत नाही. नकाशावर वाकलेली डोकी दिसतात, पण नकाशा कळत नाही. प्रत्येक माणूस आपापला तुकडा करतो आणि आपण ते तुकडे जुळवत जातो. संहितेला टाळण्यासाठी क्यूब्रिकने असे केले, असा दावा मी करणार नाही. कादंबरीतच ही रचना होती. पण पद्धत दाखवण्यास मनाई असलेल्या व्यवस्थेत पद्धतीचे तुकडे दाखवणारी रचना किती चपखल बसते, एवढे तरी मान्य करावयास हवे.

आता संविधानक. जॉनी क्ले हा अल्काट्राझ तुरुंगात पाच वर्षे काढून सुटलेला गुन्हेगार आहे. घोड्यांच्या शर्यतीच्या मैदानावर पैजांपोटी जमणारी वीस लाख डॉलरपर्यंतची रोकड लुटण्याचा त्याचा बेत आहे. त्याचे साथीदार व्यावसायिक गुन्हेगार नाहीत, हे या बेतातील नवे तत्त्व. तिकीटखिडकीवरचा रोखपाल जॉर्ज पीटी, मैदानावरील बारमधला मद्यवाढप्या माइक, सावकाराच्या कर्जात बुडालेला पोलीस शिपाई रँडी, आणि सुरुवातीचा खर्च पुरवणारा हिशेबनीस मार्विन अंगर. सगळे नोकरदार, सगळे वरकरणी सभ्य. माइकची पत्नी अंथरुणाला खिळलेली आहे. जॉर्जची पत्नी शेरी त्याची सतत टर उडवते, आणि श्रीमंत होण्याचे जे आश्वासन देऊन त्याने तिच्याशी लग्न केले ते पुरे करण्यासाठी तो या कटात येतो.

याशिवाय आणखी दोघे आहेत, आणि त्यांचे स्थान निराळे आहे. बारमध्ये मारामारी उकरून काढून पहारेकऱ्यांना गुंतवून ठेवणारा मल्ल मॉरिस, आणि सातव्या शर्यतीत आघाडीच्या घोड्याला गोळी घालणारा नेमबाज निक्की. मॉरिसला अडीच हजार डॉलर, निक्कीला पाच हजार. त्यांना वाटा नाही, मजुरी आहे. आणि म्हणूनच त्यांना पूर्ण बेत सांगितला जात नाही. जॉनीचा कट हा कारखान्यासारखा रचलेला आहे, असे म्हटले तर अतिशयोक्ती होणार नाही. कामाचे तुकडे, प्रत्येक तुकड्याला ठरीव वेळ, काहींना हिस्सा आणि काहींना रोजंदारी, आणि सगळ्याचे ज्ञान फक्त एका डोक्यात.

या कारखान्याला एक भोंगाही आहे. तो म्हणजे निवेदक. पडद्यावर न दिसणारा, नाव नसलेला, सपाट आवाजात तारीखवार बोलणारा हा निवेदक अमेरिकी चित्रपटात तेव्हा अपरिचित नव्हता. ‘द हाउस ऑन नाइन्टीसेकंड स्ट्रीट’ (१९४५) पासून अर्धमाहितीपटाची जी लाट आली, तिच्यात असा अधिकारवाणीचा आवाज असे. दासँच्याच ‘द नेकेड सिटी’ (१९४८) मध्ये तर निर्माता मार्क हेलिंजर स्वतःची ओळख करून देऊन बोलतो. ‘द किलिंग’चा निवेदक मात्र कोणाच्याच वतीने बोलत नाही. तो अमुक वाजून तमुक मिनिटांनी अमक्याने काय केले एवढेच सांगतो. निक्की चार वाजून चोवीस मिनिटांनी मृत झाला, हे तो ज्या स्वरात सांगतो त्याच स्वरात कोणी नाश्ता केल्याचेही सांगितले असते. पात्रांच्या मनात त्याला प्रवेश नाही, किंवा असला तरी रस नाही. आपल्या परिभाषेतील ‘सर्वसाक्षी’ हे विशेषण त्याला लावता येते; ‘सर्वज्ञ’ हे लावता येत नाही. तो सर्व पाहतो, पण जाणतो ते केवळ घड्याळ. त्याने सांगितलेल्या काही वेळा एकमेकींशी जुळत नाहीत, हे अभ्यासकांनी दाखवून दिले आहे आणि त्यावरून क्यूब्रिकने निवेदकाच्या अधिकाराचीच थट्टा केली आहे असा अन्वयार्थही लावला गेला आहे. तो मोहक आहे. परंतु घाईत राहून गेलेली चूक असण्याचा संभव मला अधिक वाटतो, आणि समीक्षेने प्रत्येक फटीत हेतू शोधलाच पाहिजे असे नाही.

कालरचनेचा विचार येथे करावयास हवा. सातव्या शर्यतीची ध्वनिक्षेपकावरील घोषणा आणि शर्यत सुरू होण्याआधीची घोड्यांची तीच ती दृश्ये चित्रपटात पुन्हा पुन्हा येतात. प्रत्येक वेळी निवेदक मागे जातो, दुसऱ्या एखाद्या माणसाचा दिवस उचलतो आणि त्याला त्या क्षणापर्यंत आणून सोडतो. मॉरिसची मारामारी आपण प्रथम तिच्यासाठी म्हणून पाहतो. नंतर जॉनी दाराशी उभा असताना तीच मारामारी पार्श्वभूमी होऊन येते. जेरार जेनेतने १९७२ साली कथनाच्या कालसंबंधांची जी मांडणी केली, तिच्यातील ‘वारंवारिते’च्या प्रकारांपैकी एकदा घडलेले अनेकदा सांगणे, या प्रकाराचे याहून स्वच्छ उदाहरण शिकवताना मला दुसरे सापडलेले नाही. पण संज्ञा चिकटवून काम संपत नाही. कुरोसावाच्या ‘राशोमोन’ (१९५०) मध्येही एक घटना अनेकदा येते. तेथे प्रत्येक आवृत्ती आधीच्या आवृत्तीला खोटे पाडते आणि सत्याविषयीचा संशय वाढतो. ‘द किलिंग’मध्ये नेमके उलट आहे. प्रत्येक आवृत्ती आधीच्या आवृत्तीत बसते, दात दात्यात बसावा तशी. पुनरावृत्तीने संशय नव्हे, तर यंत्राच्या अचूकपणाची खात्री वाढते. कॅमेरा, निवेदक आणि बेत हे तिघेही एकाच घड्याळाने चालतात.

आणि बेत चालतो. मारामारी होते, घोडा पडतो, आतून दार उघडले जाते, मुखवटा घातलेला जॉनी पैसे गोळा करून खिडकीतून थैला बाहेर टाकतो, खाली पोलीस शिपायाच्या गाडीत तो पोहोचतो. कोणाचे काम चुकले नाही. मग निक्की का मरतो?

चित्रपटातील मला सर्वांत अस्वस्थ करणारे दृश्य हेच आहे आणि त्यावर थोडे रेंगाळणे भाग आहे. निक्कीला नेम धरण्यासाठी वाहनतळातील एक ठरावीक जागा हवी आहे. ती जागा बंद आहे. तेथील रखवालदार कृष्णवर्णीय आहे (ही भूमिका जेम्स एडवर्ड्सने केली आहे, ‘होम ऑफ द ब्रेव्ह’ (१९४९) मधील कृष्णवर्णीय सैनिकाच्या भूमिकेमुळे तो प्रसिद्ध होता). निक्की त्याला पैसे देतो, आपण अपंग असल्याचे भासवतो, त्याच्याशी बरोबरीच्या नात्याने बोलतो. माणूस विरघळतो, जागा देतो, आणि मग पुन्हा पुन्हा येऊन विचारपूस करीत राहतो. एका गोऱ्या गिऱ्हाइकाने आपल्याशी माणसासारखे वागावे, याची ती कृतज्ञता आहे. शुभशकुन म्हणून तो घोड्याची नालही आणून देतो. शर्यतीची वेळ येऊन ठेपते, हा हलत नाही. आणि निक्की त्याला वर्णवाचक शिवी हासडून पिटाळून लावतो. तो माणूस नाल जमिनीवर फेकून निघून जातो. गोळी झाडल्यानंतर निक्की गाडी मागे घेतो, चाक नालेवर जाते, फुटते, आणि पहारेकऱ्याची गोळी त्याला लागते.

शुभशकुनाच्या नालेने मृत्यू ओढवला, हा योगायोगाचा विपर्यास सगळ्यांनी टिपला आहे. परंतु नाल तेथे आली कशी? निक्कीने सौजन्य हे साधन म्हणून वापरले आणि समोरच्याने ते सौजन्य म्हणूनच घेतले. बेतात रखवालदाराला लाच देण्याची सोय होती. त्याला कृतज्ञता वाटेल, ही शक्यता धरलेली नव्हती. कारण कृतज्ञतेला वेळ लागतो, आणि निवेदकाच्या घड्याळात तो वेळ कोठेच नाही. येथे नियती हा शब्द वापरणे म्हणजे अमेरिकेतील वर्णव्यवस्थेचा एक नेमका प्रसंग धुक्यात ढकलून देणे होय.

हे एकदा ध्यानात आले की इतर भंगही त्याच रेषेवर दिसू लागतात. मार्विन अंगरने मैदानावर यायचे नाही असे ठरले होते. तो दारूच्या नशेत येतोच. जॉनीविषयी त्याला वाटणारी ओढ, जी चित्रपट सूचित करतो आणि बोलून दाखवत नाही, ती बेतात बसत नव्हती. जॉर्ज बायकोला बेताचा सुगावा लागू देतो, कारण ज्या एका व्यक्तीच्या नजरेत मोठे व्हावे म्हणून तो हे करतो आहे तिला ते कळलेच नाही तर उपयोग काय? शेरी ते आपला प्रियकर व्हॅल याला सांगते, व्हॅल वाटणीच्या ठिकाणी चालून येतो, आणि जॉनी यायच्या आत तेथे प्रेतांचा खच पडतो. रक्ताळलेला जॉर्ज घरी जाऊन शेरीला गोळी घालतो आणि पोपटाच्या पिंजऱ्यासह कोसळतो. दरोडा हे काम होते. काम वेळेत झाले. काम संपून पैसा माणसांच्या हाती येऊ लागला त्या क्षणी, ज्या नात्यांना कामाच्या वेळापत्रकात जागा नव्हती ती सगळी नाती आपला वाटा मागू लागली.

विमानतळाचा शेवटही याच अर्थाने वाचावयास हवा. जॉनीने घाईत घेतलेली जुनी, मोठी सूटकेस. तिचे कुलूप नीट लागत नाही. विमानात ती जवळ ठेवता येणार नाही, सामानातच द्यावी लागेल, असे विमानकंपनीचा कर्मचारी विनम्रपणे सांगतो. नियम तो नियम. वीस लाखांचा दरोडा पचवणारा माणूस सामानाच्या आकारमानाच्या नियमापुढे हतबल होतो, हा प्रसंग मला त्यानंतरच्या प्रसंगापेक्षा अधिक भेदक वाटतो. मग एका बाईच्या कडेवरचे लाडके कुत्रे निसटते, धावपट्टीकडे पळते, सामानगाडी वळते, सूटकेस पडून उघडते आणि नोटा विमानाच्या पंख्यांच्या वाऱ्यावर उधळतात. संहितेला शिक्षा हवी होती, ती मिळाली. पण ती न्यायाच्या हातून आलेली नाही. कर्मचाऱ्याचा नियम आणि बाईचे प्रेम या दोहोंच्या मधून ती आली.

या रचनेचा वारसा पुढे कसा बदलला, हे येथे ओझरते सांगतो. क्वेंटिन टॅरंटिनोने ‘रेझर्व्हॉयर डॉग्ज’ (१९९२) या पहिल्या, तितक्याच काटकसरीच्या चित्रपटाच्या संदर्भात ‘द किलिंग’चे ऋण मान्य केले आहे. तेथे काळाची मोडतोड आहे, पण दरोडाच वगळलेला आहे आणि घड्याळ सांगणारा आवाजही गेला आहे. उरते ती फक्त वाटणीची जागा. संजय गुप्ताच्या ‘कांटे’ (२००२) मध्ये तोच आराखडा हिंदी चित्रपटाच्या भावविश्वात आला, तेव्हा मेजरची आजारी पत्नी कथेच्या मध्यभागी येऊन बसली. माइकच्या अंथरुणाला खिळलेल्या पत्नीला क्यूब्रिकने दिलेली दोनचार मिनिटे आपल्या प्रेक्षकाला पुरली नसती. हा दोष मानावा की वेगळ्या कथनपरंपरेची मागणी, हा स्वतंत्र लेखाचा विषय आहे.

‘द किलिंग’च्या स्वतःच्या वाटणीकडे वळतो. चित्रपट पूर्ण झाल्यावर त्याची कालरचना गोंधळात टाकणारी आहे अशी तक्रार आली. हेडनचा प्रतिनिधीही नाराज होता. हॅरिसने सांगितल्यानुसार त्यांनी सगळा चित्रपट सरळ कालक्रमाने पुन्हा जुळवून पाहिला, आणि तो निष्प्राण वाटल्याने मूळ रचना परत आणली. वितरकाने त्यात फारसा रस घेतला नाही. चित्रपट दुय्यम जोडचित्र म्हणून लागला आणि तोट्यात गेला. म्हणजे हिश्शाच्या आशेवर मोबदला सोडणाऱ्या क्यूब्रिकच्या हाती पैसा आला नाही. वाटण्यासारखे उरले होते ते श्रेय.

संवाद जिम थॉम्पसनने लिहिले होते. हा ‘द किलर इनसाइड मी’ (१९५२) या कादंबरीचा कर्ता, ओक्लाहोमात जन्मलेला, १९३०च्या दशकात सरकारी लेखक-योजनेत काम केलेला, आणि पुढे स्वस्त कागदी बांधणीच्या कादंबऱ्यांवर गुजराण करणारा लेखक. मॉरिसच्या तोंडी या चित्रपटात एक विलक्षण भाषण आहे. गुन्हेगार आणि कलावंत हे लोकांच्या नजरेत सारखेच. लोक त्यांची पूजा करतात, पण वैभवाच्या शिखरावर असतानाच त्यांचा नाश व्हावा अशी सुप्त इच्छाही बाळगतात, असा त्याचा आशय. ही भूमिका करणारा कोला क्वारिआनी हा मूळचा जॉर्जियन मल्ल आणि न्यूयॉर्कच्या बुद्धिबळगृहातील क्यूब्रिकचा सोबती. त्याच्या दाट परभाषिक उच्चारांमुळे ते वाक्य अर्धेमुर्धेच ऐकू येते. चित्रपटातील एकमेव सैद्धांतिक विधान अडीच हजारांच्या मजुराला दिलेले आहे. ते थॉम्पसनचे की क्यूब्रिकचे, हे श्रेयनामावलीवरून ठरवावयाचे तर संवाद म्हणजे थॉम्पसनचे. कारण पडद्यावर पटकथाकार म्हणून केवळ क्यूब्रिकचे नाव आहे आणि थॉम्पसनच्या वाट्याला ‘संवाद’ एवढाच शब्द आलेला आहे. ते पाहून थॉम्पसन संतापला, हे त्याचा चरित्रकार रॉबर्ट पॉलिटो याने १९९५ साली नोंदवले आहे. तरीही त्याने क्यूब्रिकच्या पुढच्या ‘पाथ्स ऑफ ग्लोरी’ (१९५७) या चित्रपटासाठी पुन्हा काम केले. १९७७ साली तो वारला तेव्हा अमेरिकेतील दुकानांत त्याची पुस्तके जवळजवळ मिळेनाशी झाली होती. १९८०च्या दशकात ती नव्याने छापली जाऊ लागली. ‘द किलिंग’च्या प्रतींवरील श्रेयाची ओळ मात्र १९५६ साली होती तशीच आहे.